एकतीस पाणबुड्या आणि बत्तिसावं पान

काका दुकानात शिरले की आधी खुर्ची बघायचे नाहीत, दार बघायचे.

माझं झेरॉक्स आणि टायपिंगचं दुकान कर्जतचा पूल ओलांडून दहिवलीत शिरलं की डाव्या हाताला आहे. दहा बाय बाराचा गाळा, पुढे एकच काचेचं दार, बाकी तिन्ही बाजूंना भिंती. एसी बसवल्यापासून मी दार बंद ठेवते. काका ते सताड उघडायचे, खाली पायपुसणं दुमडून अडकवायचे आणि खिशातून एक अगरबत्ती काढून पेटवायचे. नवीन गिऱ्हाइकाला वाटायचं, म्हातारा भाविक आहे. पण काका भिंतीवरच्या गणपतीकडे ढुंकूनही बघत नसत. ते धुराकडे बघत. धूर दाराकडे वळला तर खुर्चीत बसायचे. सरळ वर गेला तर म्हणायचे, "ताई, हवा मेलीय आज तुज्या दुकानातली," आणि बाहेर पायरीवर बसून राहायचे. मजकूर तिथूनच सांगायचे.

पहिले काही महिने मला हसू यायचं.

त्यांचं नाव मी कधी घेतलं नाही, म्हणून इथेही घेत नाही. कडावचे. घरची भातशेती, आणि मोहोपाड्याकडच्या एका केमिकल कारखान्यात तीस-बत्तीस वर्षं फिटर. मी ओळखायला लागले तेव्हा रिटायर होऊन बरीच वर्षं झाली होती. उंच, वाळलेले, भर वैशाखात पूर्ण बाह्यांचा शर्ट. कॉम्प्रेसरच्या आवाजाने कान गेलेले, त्यामुळे फोन नेहमी स्पीकरवर आणि स्वतःचा आवाज वरच्या पट्टीत. कडावात त्यांना मागून सगळे 'पाणबुडी' म्हणत. त्यांना ते माहीत होतं. ते जाऊन आता दीड वर्ष झालं.

लग्नाच्या हॉलमध्ये गेले की आहेर देण्याआधी दारं मोजायचे. मग माणसं. एकदा आमच्याच नात्यातल्या लग्नात मला गाठून म्हणाले, "पाचशे मानूस हाय नि दारं दोन. त्यातलं एक डेकोरेशनवाल्यानं झाकलंय." नवरामुलगा स्टेजवर चढत होता आणि काका मखमली पडदा वर करून मागचं कुलूप हलवून बघत होते. घरी मोरीच्या दाराला कडी लावायचे नाहीत. आत असले की मोठमोठ्याने अभंग म्हणायचे, म्हणजे कुणी दार ढकलू नये. अभंग थांबला की काकी बाहेरून विचारायच्या, "हाव ना?"

काकांनी आणलेलं पहिलं काम म्हणजे मोबाइलमध्ये काढून ठेवलेली पंधरा-वीस पानं. भाषा फ्रेंच. मोबाइलनेच त्याचं मराठी करून दिलं होतं. मी वाचायला घेतलं: "जुलाब अचानक उघडले गेल्यामुळे इमारत काही क्षणांत बुडाली."

मी फिस्सकन हसले.

"हसू नको गं," काका म्हणाले. "मानसं मेलीत त्यात."

ते कोडं त्यांनी घरी बसून सोडवलं होतं. फ्रेंच भाषेत युद्धनौकेला आणि इमारतीला एकच शब्द आहे. आणि मोबाइलने ज्याला जुलाब म्हटलं होतं त्या झडपा होत्या. पाणबुडीच्या दोन्ही अंगांना टाक्या असतात. वरच्या झडपा उघडल्या की टाक्यांतली हवा निघून जाते, खालून पाणी भरतं आणि बोट बुडी मारते. "ह्ये मला शबुदावरनं नाय कळलं," ते म्हणाले. "चित्रावरनं कळलं. झडपंचं चित्र कुटल्याबी भाशेत झडपंचंच असतं."

त्यांचा एकुलता एक मुलगा नौदलात मेकॅनिक होता. भरती होऊन चार वर्षं जहाजावर काढल्यावर त्याने स्वतःहून पाणबुडी मागितली, कठीण प्रशिक्षण पुरं केलं आणि डॉल्फिनचा बिल्ला छातीवर लावून घरी आला. सगळ्या कडावाने तो बिल्ला हातात घेऊन बघितला. काकांनी हात लावला नाही. त्यांनी फक्त विचारलं, बोट कुणी बांधली? मुलगा म्हणाला, बांधली इथेच, पण नमुना फ्रेंचांचा.

"पोरीचं लगीन ठरवताना आपन घरानं बगतो का नाय?" काका मला म्हणाले. "मंग मी पोरगा दिलाय त्यांना. त्यांचं घरानं बगायला नको?"

म्हणून त्यांनी फ्रेंच पाणबुड्यांचा इतिहास खणायला घेतला आणि खणता खणता एका जागी रुतले. दोन महायुद्धांच्या मधल्या काळात फ्रान्सने एकाच नमुन्याच्या एकतीस पाणबुड्या बांधल्या होत्या. लांबच्या समुद्रात जाऊन लढणाऱ्या, पंधराशे टनी म्हणून ओळखल्या जाणाऱ्या. पहिलीचं नाव रदूताब्ल, म्हणजे जिला बघून धडकी भरावी अशी. "धडकी कुनाला?" काका विचारायचे. "आत बसल्याला."

दर गुरुवारी ते एक बोट घेऊन यायचे. एका बोटीला एक पान, असा हिशेब होता. ती कुठे बांधली, कुठे कुठे गेली आणि कशी संपली. संपण्यावर त्यांचा जीव. प्रोमेते नावाची बोट युद्धाच्या कितीतरी आधी चाचणीच्या वेळी गेली. समुद्र शांत, उन्हाळ्याचा दिवस, बोट पाण्यावर, माणसं आतबाहेर करायची झाकणं उघडी. झडपा उघडल्या आणि उघड्या झाकणांतून समुद्र आत शिरला. वर डेकवर उभे होते त्यातले मोजके वाचले, आत होते ते आतच. काकांनी त्या पानावर तीन गुरुवार घालवले. "उन्हाळ्याचा दिस" हे शब्द मला बदलू दिले नाहीत. फेनिक्स नावाची बोट पूर्वेकडच्या समुद्रात सरावात बुडी मारून गेली, वर आलीच नाही. मग युद्ध लागलं, फ्रान्स हरला, आणि कालपर्यंत ज्या इंग्रजांच्या बाजूने लढत होते त्यांनीच यांतल्या काही बोटी आफ्रिकेच्या किनाऱ्यांवर बुडवल्या. एका बोटीच्या कप्तानाने आपली माणसं बाहेर काढली आणि स्वतः बोटीबरोबर खाली गेला. सिबिल नावाची बोट मोरोक्कोजवळ गेली ती गेली. कशाने, ते आजही कुणी छातीठोकपणे सांगत नाही. कित्येक तर तुलाँच्या बंदरात जर्मनांच्या हाती पडू नयेत म्हणून त्यांच्याच खलाशांनी बुडवल्या.

युद्धाच्या शेवटी एकतिसांतल्या पाच उरल्या. त्यांतली एक कासाबियांका. तुलाँमध्ये शत्रू शिरला त्या पहाटे ती गोळीबारातून निसटून समुद्रात गेली. नंतर कॉर्सिका बेटावर लढणाऱ्या लोकांना हत्यारं आणि माणसं पोचवायला लागली. दिवसभर तळाशी निपचित पडून राहायची. मला ती गोष्ट फार आवडली. मी म्हटलं, "काका, हे पान मोठं करूया."

"दोन वळी पुरे," ते म्हणाले. "जे परत आले त्यांचं काय सांगायचं?"

वाचलेल्या पाचही बोटींना दोन-दोन ओळी मिळाल्या. ती पानं जवळजवळ कोरीच राहिली.

हे सगळं टाइप करताना माझ्यात काहीतरी शिरत होतं, ते मला उशिरा कळलं. बदलापूरला नणंदेच्या बिल्डिंगची लिफ्ट दोन मजल्यांच्या मध्ये क्षणभर अडकली आणि मी किंचाळले. माझी मुलगी माझ्याकडे बघतच राहिली. मग मीही हॉलमधली दारं मोजायला लागले. गुरुवार जवळ आला की तो टळावा असं वाटायचं, आणि काका आले नाहीत तर मी दहादा पुलाकडे बघायचे. मुलगा समुद्रात असेल तेव्हा महिना महिना फोन नसायचा. त्या दिवसांत काका गुरुवारची वाट न बघता रोज यायचे. सांगायला काही नसायचं. खुर्चीत बसून जुन्या पानांतल्या वेलांट्या तपासायचे.

आणि मग शिवजयंतीचा तो दिवस. पुलावरून मिरवणूक येत होती, डीजेने काचा थरथरत होत्या. काका बोलत होते आणि मला शब्द ऐकू येईना. मी उठले, पायपुसणं काढलं आणि दार लोटलं. खट् आवाज झाला. त्या दाराचं कुलूप आधीपासून कुरकुरत होतं, ते बसलं ते बसलंच. चावी फिरेना. तेवढ्यात लाइट गेली. मी हसत म्हटलं, "थांबा हं, समोरच्या पानवाल्याला फोन करते."

मागे वळून बघितलं तर काका खुर्चीत नव्हते. जमिनीवर होते. गुडघ्यांवर, तोंड दाराच्या खालच्या फटीला लावून. ओठ निळसर. मी पाणी पुढे केलं तर ग्लास उडवला. मग उठून माझ्या टेबलावरची लोखंडी पंचिंग मशीन उचलली आणि काचेवर घातली. एकदा, दोनदा. तिसऱ्यांदा काच खळ्ळकन खाली आली. ते त्या काचांतून तसेच बाहेर गेले. कोपरापासून मनगटापर्यंत बाही लाल झाली होती, आणि मिरवणुकीसमोर रस्त्यात उभे राहून ते ओरडत होते, "काडा त्याला! वर काडा त्याला!"

मिरवणुकीतली पोरं थांबली. कुणीतरी माझ्याकडे बघून विचारलं, "आत कोण हाय अजून?"

आत कुणी नव्हतं.

आठ टाके पडले. दवाखान्यात मी विचारलं, "काका, कुणाला काढा म्हणत होता?" ते म्हणाले, "मी काय बोललोच नाय." तेव्हापासून माझं हसणं संपलं.

टाके निघाले त्या आठवड्यात काकी दुकानात आल्या. एकट्याच. मी त्यांना ओळखत होते ते फोनवरच्या आवाजावरून. बुटक्या, गोऱ्या, डोक्यावरून पदर. काचेच्या नव्या दाराकडे बघून म्हणाल्या, "ह्येंनीच फोडलं ना?" मग बसल्या आणि सरळ मुद्द्याला हात घातला.

"तू काय लिवतेस त्यांच्यासंगं, ठाव हाय मला. पोरगा रजेवर येतोय. त्याच्या हातात देनार हायत. वाचून त्यानं पानबुडी सोडावी म्हनून."

मला हे माहीत नव्हतं असं मी म्हणणार नाही. काकांनी कधी सांगितलं नव्हतं, पण ज्या पाच बोटी परत आल्या त्यांची पानं कोरी का, हे न कळण्याइतकी मी खुळी नव्हते.

"मला बी भ्या वाटतं," काकी म्हणाल्या. "आईला नाय वाटनार? पन तो खाली जातो तवा त्याच्या डोक्यात ह्ये नको. डोक्यात भ्या घेऊन मानूस कामाला लागला का त्याचा हात चुकतो. तू नको छापू गं. मशीन बिघाडलंय म्हन."

मी हो म्हटलं.

आणि दुसऱ्या दिवशी काका आले, बँडेज बांधलेला हात टेबलावर ठेवला आणि म्हणाले, "ताई, परवा येतोय पोरगा. छापून दे." मी मशीनकडे बघितलं. मशीन बिघडलं आहे, एवढंच बोलायचं होतं. ते माझ्याकडे अशा नजरेने बघत होते, जसं काही त्या कागदांवर एक माणूस टांगलेला आहे आणि दोर माझ्या हातात आहे. मी छापलं. एकतीस पानं, वर एक निळं कव्हर, बाजूने स्पायरल. सवयीने मागच्या पानावर दुकानाचा शिक्काही मारला.

मुलगा आला, आठ दिवस राहिला आणि गेला. काकांनी काही सांगितलं नाही. एवढंच कळलं की वही त्याने ओट्यावर बसून एका दुपारी संपवली, मिटली आणि बॅगेत ठेवली. "काय बोलला?" मी विचारलं. "काय नाय बोलला," काका म्हणाले. "आईला म्हनाला, च्या टाक."

चार महिन्यांनी माझ्या दुकानाच्या नंबरवर एक फोन आला. शांत आवाज.

"ताई, शिक्क्यावर तुमचा नंबर हाय. ती वही तुमी टाइप केलीत ना?"

मी म्हटलं, "हो."

"वाचली होतीत?"

"हो."

"बुडी मारायच्या आधी झाकण लावतात ना," तो म्हणाला, "तेव्हा आधी मला काहीच वाटायचं नाय. वही वाचल्यावरपण चार-पाच वेळा वाटलं नाय. मग एकदा झाकण लागलं नि मला तुमचं पान दिसलं. टाइप केलेलं. उन्हाळ्याचा दिस. तेव्हापासून प्रत्येक वेळी. हात कापायला लागले. माझ्या हातात बाकीच्यांचा जीव असतो, ताई. मग मीच डॉक्टरकडं जाऊन सांगितलं. आता मला वरच्या जहाजावर पाठवलंय."

मी म्हटलं, "काकांना तुमची काळजी—"

"मला ते काम आवडायचं," तो म्हणाला. "एवढंच सांगायला फोन केला." आणि ठेवला.

काकांना हवं होतं ते झालं. मुलगा पाण्याच्या वर आला. आता त्याचा फोन रोज येऊ शकत होता आणि रोज यायचाही, पण काकींच्या मोबाइलवर. काका शेजारी बसून ऐकायचे. बोलायला फोन घेतला की पलीकडून कट. पूर्वी महिनाभर फोन नाही आला तर ते स्वतःला सांगू शकत, समुद्राखाली रेंज नसते. आता तसं काही सांगता येत नव्हतं.

गुरुवार थांबले. मी दोनदा कडावला जाऊन आले. काका खळ्याच्या कडेला बसलेले, हातात काही नाही. काकी म्हणाल्या, "मी तुला सांगितलं व्हतं." त्या चिडून नाही बोलल्या, आणि म्हणूनच मला जास्त लागलं.

मग दिवाळीनंतरच्या एका सकाळी काका दुकानात आले. अगरबत्ती पेटवली नाही. दार बंद होतं, ते बंदच राहू दिलं आणि आत येऊन खुर्चीत बसले. कपाळावर घाम होता.

"एक पान ऱ्हायलंय," म्हणाले. "मी सांगतो तसंच लिव. सुदारू नको."

मी सुधारलं नाही. ते पान माझ्याकडे आहे.

"मी फिटर व्हतो तवाची गोष्ट. एक मोठी टाकी, वर मानसापुरतं झाकन. आतलं पातं बदलायचं व्हतं. टाकीला नायट्रोजनचा पाइप येतो. नायट्रोजनला वास नाय, रंग नाय, नुसता हवेची जागा घेतो. त्यो पाइप बंद करून 'बंद' अशी पाटी लावायचं काम माजं. झडपंचं हँडल पाइपाला आडवं दिसलं. आडवं म्हंजे बंद. मी चार पावलांवरनं बगितलं नि पाटी बांदली. हँडल झिजलेलं व्हतं. ते फिरलं पन आत वाट अडवनारा गोळा फिरला नव्हता. माजा जोडीदार खालापूरचा. शिडीवरनं पैला त्योच उतरला. तळाला गेला नि झोप आल्यागत भिंतीला टेकून बसला. मी म्हटलं, काय रं, बसलास काय? त्यो बोलला नाय. मी डोकं नि खांदं आत घातलं, दोन श्वास घेतलं नि माजे हातपाय कापसाचे झाले. कुनीतरी मागनं पट्टा धरून मला वडला. त्याला काडला तवा त्यो गेला व्हता. चौकशी झाली. साऱ्यांनी सांगितलं, पाटी व्हती, झडप खराब व्हती. मी बी तेच सांगितलं. पाटी कुनी नि कशी लावली, ते कुनी इचारलं नाय. मी सांगितलं नाय. तुला बी नाय, तुज्या आईला बी नाय. एकतीस बोटींचं सांगितलं, ह्ये नाय सांगितलं."

टाइप करताना मला स्क्रीन दिसेनाशी झाली होती. काका मात्र स्थिर होते. "फोटो काडून पाटव त्याला," म्हणाले. "माज्या नंबरवरनं नको. तो उघडनार नाय. तुज्यावरनं."

मी पाठवलं. आम्ही दोघं बसून राहिलो. एक बाई रेशनकार्डाची झेरॉक्स घेऊन गेली. कुणी कॉलेजचा फॉर्म भरून घेतला. तासाभराने काकांचा फोन वाजला. त्यांनी तो टेबलावर ठेवला आणि नेहमीच्या सवयीने स्पीकर लावला. मी उठून बाहेर जाऊ लागले तर हाताने बस म्हणाले.

"पाटी तुमी लावलीवती?" मुलाचा आवाज.

"मी."

"त्याच्यानंतर तुमी परत गेलात आत? टाकीत?"

"गेलो. आठव्या दिशी. मंग रिटायर होईस्तवर जात ऱ्हायलो."

"भीती वाटायची?"

"हर टायमाला."

पलीकडे वाऱ्याचा आवाज येत होता. तो डेकवर असावा.

"मग तुमी जात राहिलात ना, बाबा? मला का नाय जाऊ दिलंत?"

काकांनी दोन्ही हात टेबलावर पालथे ठेवले. हातावरची टाक्यांची खूण अजून लाल होती.

"मी त्या झाकनाशी उबा ऱ्हायचो ना," ते म्हणाले, "तवा हर टायमाला वाटायचं, कुनीतरी मागनं यावं नि म्हनावं, तू नको जाऊ. कुनी आलं नाय रं. म्हनून तुज्या मागनं मी आलो."

"मला नको होतं कुणी यायला."

"आता कळलं मला."

फोन कुणीच ठेवला नाही. मग मुलाने विचारलं, "त्या जोडीदाराचं कोण हाय खालापूरला?"

"बायको हाय. लेकी लगीन होऊन गेल्या."

"तिला म्हायती हाय?"

"नाय."

"मी पौषात येतोय," तो म्हणाला. "आपण जाऊ. दोघं."

मी काकांना इतकं घाबरलेलं कधीच बघितलं नव्हतं. काच फोडली त्या दिवशीही नाही. "ती मला हुबा करनार नाय," ते पुटपुटले. "नाय करनार." पण तोपर्यंत फोन बंद झाला होता.

ते गेले. मुलाने गाडी चालवली, काका मागे बसले. मला हे काकांनीच दुसऱ्या दिवशी सांगितलं. सांगताना आवाज इतका खाली की मला पुढे वाकून ऐकावं लागलं.

म्हणाले, तिचं घर खालापूर फाट्याच्या आत, तीन खोल्यांचं. तिने ओळखलं, बसायला पाट दिला, पाणी दिलं. काकांनी पाणी न पिता सगळं सांगून टाकलं. हँडल, पाटी, चार पावलं. मुलगा दाराशी उभा होता. ती बाई सुपात तांदूळ निवडत होती. सांगणं संपेपर्यंत तिचे हात थांबले नाहीत. मग थांबले. काकांना वाटलं, आता ती ओरडेल, शेजारीपाजारी गोळा होतील. ते त्यासाठीच गेले होते.

तिने एवढंच विचारलं, "आत गेल्यावर तो काय बोलला का हो?"

काका म्हणाले, "काय नाय. झोप आल्यागत टेकून बसला. दोन श्वासांत."

तिने सूप बाजूला ठेवून पदराने तोंड पुसलं.

"इतकी वर्सं मला वाटायचं," ती म्हणाली, "आतनं त्यानं हाका मारल्या आसतील, नि कुनाला ऐकू आल्या नसतील."